छातीवरची नावे

कास्तेल्मारात साल विचारले की माणसे आकडा सांगत नसत, माल सांगत. "माझं लग्न ना, चुलींच्या वेळी झालं," असे एदेरा रावाल्या म्हणे, आणि ऐकणाऱ्याला तेवढे पुरे होई. गावच्या बास्केटबॉल संघाला ज्या कारखान्याचा पैसा मिळे, त्याचेच नाव खेळाडूंच्या छातीवर आणि वर्तमानपत्रांच्या मथळ्यांत झळके. गावाचे नाव त्याच्या मागून, जागा उरली तर बारीक अक्षरांत. आधी बेल्फोकोच्या लोखंडी चुली आल्या, मग एक कडू औषधी मद्य, मग मोर्तादेल्ला म्हणजे डुकराच्या मांसाचे ते मनगटाहून जाड सॉसेज, आणि सर्वांत शेवटी चेराम्बेल्लाच्या फरश्या. एदेराचा मुलगा कडू मद्याच्या पहिल्या हिवाळ्यात जन्मला. तिची आई मोर्तादेल्लाच्या दिवसांत वारली. रोमान्या प्रांतातल्या या लहानशा गावाला त्यात काही विनोदी वाटत नसे.

नावे लावण्याचे आणि काढण्याचे काम एदेराचे होते. करार बदलला की सगळे शर्ट तिच्या स्वयंपाकघरातल्या टेबलावर येत. बारीक कातरीच्या टोकाने ती एकेक टाका उचले, तोडे, आणि अक्षर सोलून काढे. नवे शर्ट घेण्याइतका पैसा संघाकडे क्वचितच असायचा. त्यामुळे उसवलेल्या जागी कापड गडद राहत असे आणि नव्या अक्षरांच्या आडून जुन्या नावाची सावली दिसे. टीकाकार याला गबाळेपणा म्हणत. गावाचे म्हणणे होते की मोठ्या शहरांच्या शर्टांना असा इतिहास नसतो.

हा इतिहास तपासायला घेतला की हाताला फारसे घट्ट काही लागत नाही. संघाचे मूळ नाव आउदाक्स, एवढे निर्विवाद. स्थापनेचे साल मात्र क्रीडागृहाच्या भिंतीवरच्या शिलेत एक आहे, चर्चच्या पत्रिकेत दुसरे, आणि म्हाताऱ्यांच्या तोंडी तिसरे. तिसऱ्या हकिकतीत लेआर्को रावाल्याचा, म्हणजे एदेराच्या नवऱ्याचा, बाप रेल्वेच्या आवारातून दोन लोखंडी खांब खांद्यावर आणतो आणि चर्चमागच्या मैदानात रोवतो. तिला पुरावा नाही, आणि गावाचा विश्वास तिच्यावरच आहे.

पुराची हकिकत याच जातीची. तेव्हा सामने उघड्यावर, मातीच्या मैदानात होत. नदीपलीकडच्या पिएव्हाल्ता गावाशी सामना होता. सकाळी लोक मैदानावर आले तर तेथे गुडघाभर पाणी. सामना झाला नाही; यजमानांचे मैदान खेळण्याजोगे नाही म्हणून गुण पिएव्हाल्ताच्या पदरात पडले. पिएव्हाल्ता वरच्या अंगाला. पाणचक्कीच्या कालव्याचा दरवाजा त्यांनी रात्रीतून उघडला, असे कास्तेल्मारात त्या दुपारीच ठरले आणि ते कायमचे ठरले. त्या आठवड्याच्या वर्तमानपत्रांत संततधार पावसाच्या आणि वाहून गेलेल्या साकवाच्या बातम्या आहेत. कालव्याचा उल्लेख कोठेही नाही.

एदेरा तेव्हा शाळकरी मुलगी होती. पुढे तिने लेआर्कोशी लग्न केले. लेआर्को न्हावी होता आणि आउदाक्सचा राखीव खेळाडू. चौकातल्या त्याच्या दुकानात आरशाभोवती संघाची छायाचित्रे लावलेली असत, आणि गिऱ्हाइकाची मान पुढे वाकवून, वस्तरा कानामागे टेकवून तो सांगे की बोलोन्याच्या संघाविरुद्धच्या त्या सामन्यात शेवटची बास्केट त्याची होती. वस्तऱ्याखाली वाद कोण घालणार? सामन्याच्या छापील वृत्तांतात त्याचे नाव बाकावर बसलेल्यांत आहे. एदेराला वृत्तांताची गरजच नव्हती. त्या रविवारी त्याचा शर्ट तिच्याकडे धुवायला आला तो कोरडाच आला होता. ही गोष्ट तिने उभ्या जन्मात कोणाला सांगितली नाही, लेआर्कोलाही नाही. नवरा-बायकोत इतपत झाकपाक असावी, असे तिचे मत होते.

कडू मद्याच्या काळात पहिला अमेरिकन आला. बेकरीच्या वरच्या खोलीत राहिला, दारातून आत शिरताना दर वेळी कपाळ आपटून घेतले, आणि एदेराने त्याच्या शर्टाला खालून वीतभर कापड जोडून दिले तेव्हापासून तिला मामा, म्हणजे आई, म्हणू लागला. मोर्तादेल्लाच्या दिवसांत संघ दोन हंगाम देशाच्या सर्वोच्च श्रेणीत खेळला. ज्याला कास्तेल्मारा आपला सुवर्णकाळ म्हणते तो एवढाच. दुसऱ्या हंगामात तर संघ तळाला होता. पण त्या दोन हिवाळ्यांत मिलानचे आणि रोमचे संघ आपली बस चौकात उभी करून चालत क्रीडागृहात गेले होते, कारण गल्लीत बस वळत नव्हती. गावाने ते पाहिले होते. पाहिलेले विसरता येत नाही, हाच पुढच्या सगळ्याचा घोटाळा.

१९९६च्या वसंतात चेराम्बेल्लाच्या भट्ट्या एकामागून एक विझल्या. कारखाना बंद पडला आणि संघाच्या छातीवर मेलेल्या कंपनीचे नाव राहिले. जुलै संपण्याआधी महासंघाकडे पुढच्या हंगामाची हमी भरायची होती. नाही भरली तर संघ संपला. एदेरा तेव्हा अठ्ठावन्न वर्षांची होती. मुलगा तोरिनोला मोटारींच्या कारखान्यात लागून वर्षे झाली होती आणि तो नाताळलाच येई. तिच्या आठवड्याला आकार होता तो संघामुळे: सोमवारी धुणे, मंगळवारी इस्त्री, शुक्रवारी पिशव्या, रविवारी संध्याकाळी सामना. संघ गेला तर सोमवारी उठून काय करायचे, हे तिला ठाऊक नव्हते आणि त्याचा विचारही तिला करवत नव्हता.

वाट एकच उघडी होती, आणि ती नदीपलीकडे जात होती. पिएव्हाल्ताकडे फळे डबाबंद करणारी सहकारी संस्था होती आणि तिचा चार हंगामांचा पैसा तयार होता. दुसऱ्या श्रेणीतली जागा मात्र नव्हती. ती आउदाक्सकडे होती. दोन्ही संघ एक करायचे, नाव दोन्ही गावांचे, सामने आळीपाळीने दोन्हीकडे. आउदाक्सचे अध्यक्ष झान्फान्ती यांना सरकारी किताब असल्याने सगळे त्यांना कोमेन्दातोरे म्हणत. त्यांनी एदेराला नमुन्याचा एक शर्ट करायला सांगितला.

दोन्ही नावे एका ओळीत मावेनात. तिने एक वर घेतले, एक खाली. लेआर्को दुकान बंद करून आला तेव्हा खालच्या नावाचे शेवटचे अक्षर यंत्राखाली होते.

"हे काय शिवतेयस?"

"दिसतंय की."

"पिएव्हाल्ता? माझ्या स्वयंपाकघरात?"

"स्वयंपाकघर तुझं. यंत्र माझं आहे."

त्याने टोपी काढून खुंटीला अडकवली, पण नेम चुकून ती खाली पडली. त्याने उचलली नाही. "हे अंगावर घालून कोण खेळणार?"

"ज्यांना पगार मिळेल ते. लेआर्को, तुमच्या छातीवर चुली चालल्या. दारू चालली. डुक्कर चाललं. आता एका गावाचं नाव चालत नाही?"

"ते डुक्कर तरी इथलं होतं."

"बोलोन्याचं होतं."

"मेलेलं होतं," लेआर्को म्हणाला. "मेलेलं डुक्कर बोलत नाही. पिएव्हाल्तावाले बोलतात. दर रविवारी शेजारी बसून बोलतील."

एदेराने धागा दातांनी तोडला. "मग तू दुसरीकडे बस."

"मिलानचा एक माणूस येणार आहे," तो आवाज खाली आणून म्हणाला. "न्हाणीघराचे नळ बनवतो. मोठा माणूस. कोमेन्दातोरेंच्या ओळखीचा आहे."

"कोणी पाहिलाय?"

"येणारच आहे ना. मग बघ."

या मिलानच्या माणसाविषयी आज कोणाकडेही काही नाही. नाव नाही, पत्ता नाही, हस्ताक्षर नाही. झान्फान्तींनी एकदा कॉफी पिताना कोणाच्या तरी प्रश्नाला उत्तर म्हणून त्याचा उल्लेख केला, एवढे तिघे-चौघे सांगतात, आणि प्रत्येकाच्या सांगण्यात माणूस वेगवेगळ्या वस्तू बनवतो. पण जून उजाडेपर्यंत चौकात त्याचे येणे ठरून गेले होते.

सभासदांची सभा चर्चच्या सिनेमागृहात भरली. उकाड्याने दारे उघडी ठेवली होती. दाराशी गावचे पाद्री आत्तिलिओ सभासदत्वाची कार्डे पाहून आत सोडत होते. एदेराकडे कार्ड नव्हते. घरटी एक कार्ड असा रिवाज होता आणि घरचे कार्ड लेआर्कोच्या नावावर होते. इतक्या वर्षांत तिला त्याची अडचण भासली नव्हती.

"तू शर्ट घेऊन आलीयस ना, मग ये," पाद्रीबाबा म्हणाले. "शर्टाला कार्ड लागत नाही."

झान्फान्तींनी अटी वाचून दाखवल्या. संघाच्या नियमांप्रमाणे नाव बदलायला सभासदांची संमती हवी होती. वाचून झाल्यावर त्यांनी एदेराला खूण केली आणि तिने शर्ट दोन्ही हातांनी खांद्यांशी धरून उंच केला. मग मागच्या रांगेतून प्लंबर साउरो ओरडला, "वर कोण आहे?"

"कास्तेल्मारा वर," अध्यक्ष म्हणाले. "त्यांनी ते मान्य केलंय."

"वर काय नि खाली काय, अंथरूण एकच ना!"

हशा पिकला. कोणीतरी म्हणाले, "कोमेन्दातोरे, आम्हालाच डब्यात भरा की एकदाचं, पाकासकट!" पुन्हा हशा. एदेराने शर्ट खाली घेतला नाही. तिचे हात दुखू लागले होते.

"मी बोलू का?" तिने विचारले.

"कार्ड?" एक आवाज.

"तुमचे घामट शर्ट धुताना कोणी कार्ड विचारलं नाही," पाद्रीबाबा दारातून म्हणाले. "बोल, एदेरा."

तिला सभेत बोलायची सवय नव्हती. जे रोज करायची तेच तिने सांगितले. "हे नाव नाही आवडलं, तर मी काढून देईन. चार वर्षांनी काढीन, उद्या म्हणालात तर उद्या काढीन. चुली काढल्या, दारू काढली. तुमच्यातलं कोण रडलं होतं? पण कापडच नसलं तर मी काय काढू आणि कशाला लावू?"

पुढच्या रांगांत थोडी चुळबुळ झाली. दोघे-तिघे मान हलवत होते. त्या मिनिटाला कौल कोणीकडेही जाऊ शकला असता, असे हजर असलेले अनेकजण आजही मानतात.

"पूर विसरलीस का गं?" साउरो म्हणाला.

"पाऊस होता, साउरो. आठवडाभर पडत होता. माझ्या बापाचं तळघर भरलं, वाईनची पिंपं तरंगत होती. ती पण पिएव्हाल्तावाल्यांनी तरंगवली?"

या वेळी हशा तिच्या बाजूने होता. साउरोसुद्धा हसला. आणि नेमका तेव्हा लेआर्को उभा राहिला.

तो सावकाश उठला, जाकिटाचे बटण लावले, आणि दुकानात गिऱ्हाइकाशी बोलावे तसा गोडीत बोलू लागला. "माझी बायको चांगली शिवते, हे तुम्हाला माहीत आहे. वाईट शिवत असती तर आज एवढी भीती नव्हती." लोक हसले, त्याने त्यांना हसू दिले. "पाऊस होता म्हणते. असेल. मी बायकोला खोटं पाडणार नाही, मला घरी जेवायचंय. पण माझ्या बापानं खांब आणले ते या गावात रोवायला. मिलानचा माणूस येतोय. पंधरा दिवस, तीन आठवडे. तेवढा धीर नाही आपल्याला? तेवढ्यासाठी त्यांच्या दारात जायचं? कोमेन्दातोरे, तुम्हीच सांगा, येतोय ना तो?"

झान्फान्तींनी समोरचे कागद उचलले, सारखे केले, पुन्हा ठेवले. "बोलणी चालू आहेत," ते म्हणाले.

त्यांना हो म्हणायचे होते की नाही, याचा निवाडा आता होणे नाही. सभागृहाने त्याचा अर्थ हो असा घेतला. प्रस्तावाविरुद्ध हात वर झाले. लेआर्कोचा पहिला होता, सरळ, कोपरात न वाकलेला. एदेराने शर्टाच्या बाह्या आत घेतल्या, घडी केली, आणि ती घडी छातीशी धरून हात मोजले जाईपर्यंत उभी राहिली. बसायला सांगायचे कोणाला सुचले नाही.

जुलै तापत गेला. मिलानहून कोणी आले नाही. लेआर्को दुकानाच्या पायरीवर खुर्ची टाकून बसे आणि बाहेरगावची नंबरपट्टी दिसली की मान वळवे. महिन्याच्या शेवटी बातमी आली ती वर्तमानपत्रातून; आइस्क्रीमच्या दुकानात पेटीवर पसरलेले पान साउरोने मोठ्याने वाचले आणि मध्येच थांबला. कोमेन्दातोरेंनी श्रेणीतली जागा दक्षिणेकडच्या एका बंदराच्या शहराला विकून टाकली होती. संघाची देणी त्यातून भागली. नाव बदलायला सभासदांची संमती लागत असे. जागा विकायला लागत नसे. नियम सगळ्यांनी मिळूनच केले होते, चुलींच्या काळात, जेव्हा असली जागा कोणी विकत घेईल हे कोणाच्या स्वप्नात नव्हते.

दक्षिणेच्या संघाला शर्ट नको होते. त्यांचे रंग वेगळे होते. नगरपालिकेचा माणूस क्रीडागृहाला कुलूप लावायला आला तेव्हा एदेराने कपाटातले सगळे घरी आणले आणि सोमवार आला म्हणून धुतले. ते स्वच्छच होते. वाळले, तिने इस्त्री केली, आणि मंगळवार दुपारपर्यंत तेही संपले.

दुकानात मात्र चर्चेला खंड पडला नाही. सप्टेंबरात एकदा ती लेआर्कोला डबा द्यायला गेली तेव्हा साउरो फेसाळलेल्या गालांनी खुर्चीत बसून सांगत होता की मिलानच्या माणसाला पिएव्हाल्तावाल्यांनीच फोडले. कोणाच्या तरी मेव्हण्याने त्यांच्या अध्यक्षाला मिलानच्या गाडीत बसताना पाहिले होते.

"मिलानचा माणूस मुळात होता का?" एदेराने विचारले.

"होता का म्हणजे?" साउरो आरशातूनच म्हणाला. "मग फोडला कोणाला?"

तिने लेआर्कोकडे पाहिले. तो वस्तरा पट्ट्यावर घासत होता. "लोक म्हणतात बुवा," तो म्हणाला. त्याने तिच्याकडे पाहिले नाही.

नोव्हेंबरातल्या एका रविवारी दुपारी एदेराने चांगला कोट घातला आणि नदीपलीकडे जाणारी बस धरली. पिएव्हाल्ताचा संघ खालच्या श्रेणीत खेळत होता. तिने तिकीट काढले आणि सगळ्यांत वरच्या रांगेत, खांबाच्या आडोशाला बसली. तिला कोणी ओळखले नाही. क्रीडागृह भरलेले होते. बायका घरून भरलेल्या पियादिना, त्या पातळ रोट्या, आणून वाटत होत्या. आउदाक्समधून गेलेला एक मुलगा, मिर्को, कास्तेल्मारातल्याच लोहाराचा नातू, त्यांच्याकडून खेळत होता. त्याने बास्केट केली तेव्हा शेजारच्या माणसाने तिला आनंदाने कोपर मारले आणि लगेच क्षमा मागितली. तिने टाळ्या वाजवायला हात उचलले आणि मांडीवर ठेवले. खेळ चांगला होता. तिला त्यातले सगळे कळत होते, आणि कशाशीही तिचे काही नाते लागत नव्हते. मध्यंतरात खेळाडू जवळून गेले तेव्हा तिने त्यांचे शर्ट नीट पाहिले. अक्षरे यंत्राने छापलेली होती, कापडातच मुरलेली. त्यांना टाके नव्हते. ती काढता येण्यासारखी नव्हती.

ती घरी आली तेव्हा लेआर्कोने गॅसवर रस्सा ठेवला होता आणि सकाळी तिने करून ठेवलेल्या पास्सातेल्ली, पावाच्या चुऱ्याच्या जाडसर शेवया, त्यात सोडत होता. ते काम त्याने लग्नानंतर प्रथमच केले असावे. निम्म्या तुटल्या होत्या.

"कुठे होतीस?"

"स्मशानात. आईकडे."

त्याने पळी फिरवली. "कितीने?"

"काय कितीने?"

"एदेरा, स्मशानाची बस चौकाच्या या बाजूला थांबते. तू पलीकडून आलीस."

तिने कोट काढला, खुर्चीच्या पाठीवर टाकला. "अकरा गुणांनी."

"हरले?"

"जिंकले."

त्याने एक तुटलेली पास्सातेल्ली पळीवर उचलून पाहिली. मग म्हणाला, "तो लोहाराचा पोरगा. त्याची हुर्यो उडवली असेल."

"नाही. टाळ्या वाजवल्या. सगळ्यांनी."

हे त्याला जिंकण्याहूनही अवघड गेले. त्याने गॅस बारीक केला, पुन्हा मोठा केला. "आपल्यापेक्षा बरे आहेत?"

"आपण म्हणजे कोण, लेआर्को?"

तिने ते टोचून विचारले नव्हते. तिला खरेच उत्तर हवे होते, आणि त्याच्याकडे असले तर ते तिने घेतले असते. तो पातेल्याकडे पाहत राहिला. वाफेने त्याचा चष्मा धुरकटला होता आणि तो पुसण्यासाठी त्याने तो काढलाही नाही.

"बस," तो शेवटी म्हणाला. "निवतंय."

तिने खोलगट ताटल्या मांडल्या, चीज किसले. त्याने वाढले. रस्सा खारट झाला होता, आणि दोघांनीही तो पूर्ण संपवला.